फाळके यांच्या मूकपटांतील आंगिक विनोद

दादासाहेब फाळके (१८७०–१९४४) यांच्या मूकपटांत खोडी, झटापट, फजिती अशा शारीरिक क्रियांतून निर्माण होणाऱ्या विनोदास आंगिक विनोद म्हणता येईल. पाश्चात्त्य चित्रपटसृष्टीत या प्रकारास ‘स्लॅपस्टिक’ ही संज्ञा आहे. तेथे तो स्वतंत्र लघुपटांतून वाढला. फाळके यांच्याकडे तो आधी पूरक लघुपटाच्या रूपाने आला व पुढे पौराणिक कथेत सामावला.

पार्श्वभूमी

ब्रिटनमध्ये १९००च्या सुमारास एक-दोन मिनिटांचे विनोदी लघुपट निघत. सेसिल हेपवर्थ यांच्या ‘एक्स्प्लोजन ऑफ अ मोटर कार’मध्ये (१९००) मोटारीचा स्फोट होतो आणि आकाशातून पडणारे प्रवाशांचे अवयव पोलीस शिपाई वेचून लावतो. जेम्स विल्यमसन यांच्या ‘द बिग स्वॅलो’मध्ये (१९०१) वैतागलेला गृहस्थ छायाचित्रकाराला कॅमेऱ्यासकट गिळतो. फाळके यांनी १९१२ मध्ये लंडनला जाऊन विल्यमसन कॅमेरा विकत घेतला व हेपवर्थ यांचा वॉल्टन येथील स्टुडिओ पाहिला. कॅमेरा मध्येच थांबवून दृश्य बदलण्याची जी क्लृप्ती ब्रिटिश लघुपटांत हशा पिकवी, तीच फाळके यांनी देवदेवतांच्या प्रकटीकरणासाठी वापरली.

पूरक लघुपट

त्या काळी मुख्य चित्रपटासोबत इतर करमणूकही असे. मे १९१३ मध्ये गिरगावातील कॉरोनेशन चित्रपटगृहात ‘राजा हरिश्चंद्र’सोबत नृत्य, विनोदी प्रवेश, पायांची कसरत आणि विनोदी चित्रफिती होत्या. फाळके यांच्या ‘मोहिनी भस्मासुर’ला त्यांचाच ‘पिठाचे पंजे’ (१९१४) हा विनोदी लघुपट जोडलेला होता.

कालिया मर्दन

‘कालिया मर्दन’मध्ये (१९१९) बालकृष्णाची भूमिका फाळके यांची कन्या मंदाकिनी हिने केली. एक गवळण मुलांवर पाणी उडवते. मुले तिचे लोणी पळवून सूड उगवतात. रात्री कृष्ण एका श्रीमंत व्यापाऱ्याच्या शयनगृहात शिरून त्याची दाढी व पत्नीचे केस एकत्र बांधतो. ब्रिटिश लघुपटांतील खोडकर मुलास बहुधा शेवटी मार बसतो. येथे खोडकर मूल हाच देव असल्याने खोडी ही लीला ठरते. अखेरीस तेच मूल कालियाच्या फण्यावर नाचते, तेव्हा हसणारा प्रेक्षक हात जोडतो.

पुढील काळ

बोलपटांच्या आगमनानंतर मराठी चित्रपटातील विनोदात संवादांचे महत्त्व वाढले. कोल्हापूरच्या हंस पिक्चर्सचा ‘ब्रह्मचारी’ (१९३८) हे त्याचे ठळक उदाहरण होय. आचार्य अत्रे यांच्या लेखणीतील उपहासास त्यात मास्टर विनायक यांच्या अभिनयाची जोड मिळाली.