कापूस आपला, सूत जपानचे

(नभोवाणीवरील भाषणाचा संपादित अंश)

'जागतिक स्पर्धा' हा शब्द आपल्याकडे १९९१ नंतर आला, असे अनेकांना वाटते. उदारीकरण झाले, दारे उघडली आणि मग जगाशी झुंजणे आले, असा समज आहे. मी आर्थिक इतिहास शिकवला, त्यामुळे या समजुतीशी माझे जुने भांडण आहे. मुंबईच्या गिरण्या सव्वाशे वर्षांपूर्वी उघड्या बाजारात जगाशी झुंजत होत्या आणि काही काळ चक्क जिंकत होत्या. पुढे त्या हरल्या. कोणाकडून? आपण शाळेत शिकलेले उत्तर आहे मँचेस्टर. ते अर्धेच खरे आहे.

कावसजी नानाभाई दावर यांनी १८५४ साली कंपनी काढली आणि १८५६ मध्ये ताडदेवच्या त्यांच्या गिरणीत सूत निघू लागले. यंत्रे इंग्लंडची, ती चालवून दाखवणारे तज्ज्ञही तिकडचे. आपले होते ते कापूस, मजूर आणि व्यापाऱ्यांचा पैसा. मधे अमेरिकन यादवीतली कापसाची तेजी आणि १८६५ चा शेअरबाजाराचा बोजवारा होऊन गेला, पण ती कथा पुष्कळांनी सांगितली आहे. मला चीनकडे जायचे आहे.

चीनमधल्या हातमागांना जाडेभरडे सूत लागे, वीस नंबरच्या आसपासचे. आपला आखूड धाग्याचा कापूस नेमका त्यालाच योग्य. लँकेशायरपेक्षा मुंबई चीनला कितीतरी जवळ. शिवाय एक गोष्ट होती, जी कारखान्यात कधीच दिसत नाही: हुंडणावळ. आपला रुपया चांदीचा, चीनचे चलनही चांदीचे, आणि इंग्लंडचा पौंड सोन्याचा. १८७३ नंतर जगात चांदी घसरत गेली, तसतसे इंग्लंडचे सूत चिनी गिऱ्हाइकाला महाग पडू लागले आणि मुंबईचे होते त्याच भावात राहिले. १८८० च्या दशकात जाड्या सुताच्या या व्यापारात मुंबईने लँकेशायरला मागे टाकले. मँचेस्टरच्या व्यापारी मंडळाने तर 'हे झाले कसे' याची खास चौकशी बसवली! तिचा अहवाल १८८८ चा आहे.

मग १८९३ साल उजाडले. हिंदुस्थान सरकारने जूनमध्ये टांकसाळी चांदीच्या खुल्या नाण्यांसाठी बंद केल्या. लंडनला पाठवायच्या रकमेचा बोजा कमी व्हावा म्हणून रुपया महाग करायचा होता, आणि तो झालाही. पण चीन चांदीवरच राहिला. म्हणजे शांघायच्या व्यापाऱ्याने पूर्वीइतकीच चांदी मोजली, तरी मुंबईच्या गिरणीमालकाच्या हाती रुपये कमी पडू लागले. जपान त्या वेळी चांदीवरच होता. तो सोन्यावर गेला १८९७ मध्ये. त्यामुळे त्याच्या गिरण्यांना ही झळ लागली नाही.

आता १८९६ हे एकच वर्ष पाहा. त्या वर्षी हिंदुस्थान सरकारने विलायती कापडावर साडेतीन टक्के जकात ठेवली आणि तिचा मँचेस्टरला त्रास नको म्हणून देशी गिरण्यांच्या कापडावरही साडेतीन टक्के अबकारी कर बसवला. त्याच वर्षी जपानने परदेशी कापसावरची आयात जकात काढून टाकली; सुतावरची निर्यात जकात तर त्याने १८९४ सालीच रद्द केली होती. आणि त्याच वर्षी मुंबईत प्लेग आला. कामगारांनी कोकणची आणि घाटाची वाट धरली, साचे ओस पडले.

त्या कापड-कराबद्दल आपल्याकडे पुष्कळ लिहिले गेले, आणि योग्यच लिहिले गेले. १९२५ साली तो स्थगित होईपर्यंत देशाला तो सलत राहिला. परंतु तो कर कापडावर होता. सूत त्यातून वगळलेले होते. चीनला आपण पाठवत होतो ते मुख्यतः सूत. तेव्हा चीनचा बाजार हातचा गेला तो या करामुळे, असे म्हणता येत नाही. अन्याय खरा, पण त्या पराभवाचे कारण वेगळे. ते ओसाकात शोधले पाहिजे.

ओसाकाची मोठी गिरणी शिबुसावा एइइची यांच्या पुढाकाराने १८८३ मध्ये सुरू झाली. साडेदहा हजार चात्या, वाफेचे इंजिन आणि लवकरच, १८८६ मध्ये, विजेचे दिवे लावून रातपाळी. तीच यंत्रे दिवसरात्र फिरली की भांडवलावरचा खर्च निम्म्यावर येतो, हा साधा हिशेब. जपानी गिरण्यांनी लँकेशायरची म्यूल यंत्रे सोडून 'रिंग' चात्या घेतल्या, कारण त्या खेड्यातून आलेली नवखी मुलगीही चालवू शकते. कापूस त्यांच्याकडे पुरेसा पिकत नव्हता, म्हणून त्यांनी वेगवेगळ्या देशांचे कापूस मिसळण्याची कला साधली. स्वस्त हिंदी कापूस त्यात भरपूर असे. विशेष म्हणजे 'रिंग' आपल्याला अपरिचित नव्हती. जमशेदजी टाटांनी नागपूरच्या एम्प्रेस मिलमध्ये ती फार आधी वापरून पाहिली होती. पण मुंबईच्या अनेक गिरण्यांच्या एजंटांना नफ्यावर नव्हे, तर निघालेल्या सुताच्या प्रत्येक रतलामागे पाव आणा कमिशन मिळे. सूत विकले जावो न जावो, कमिशन पक्के. अशा माणसाला खर्च कमी करण्याची घाई कशाला असेल?

टाटांचीच आणखी एक गोष्ट. चीन-जपानकडे जाणाऱ्या मालावर पी. अँड ओ. कंपनी भरमसाट भाडे घेई. ते मोडण्यासाठी टाटा १८९३ मध्ये जपानला गेले आणि 'निप्पॉन युसेन काइशा' या जपानी कंपनीशी त्यांनी करार केला. भाड्याचे जोरदार युद्ध झाले. टाटांना आपली बोटींची शाखा लवकरच गुंडाळावी लागली, जपानी बोटी मात्र मुंबईला येत राहिल्या. त्या इथून काय नेत? रुईच्या गाठी! मुंबईच्या सुताचे भाडे उतरावे म्हणून घातलेला घाट कोबेच्या कापसालाही उपयोगी पडला. १८९७ पर्यंत जपानची सूत-निर्यात त्याच्या आयातीपेक्षा जास्त झाली होती.

ओसाकाचे कौतुक करताना त्या मुलींना मात्र विसरू नये. वसतिगृहात कोंडलेल्या, रात्रभर उभ्या. आपल्याकडे स्त्रियांच्या रातपाळीवर १८९१ च्या कायद्याने निर्बंध आले. जपानने ती बंद केली १९२९ मध्ये. हिंदी कारखाना-कायद्यांसाठी लँकेशायरने धरलेला आग्रह निव्वळ भूतदयेचा नव्हता, हे उघड आहे. तरी नारायण मेघाजी लोखंडे आणि त्यांच्या सोबतच्या गिरणी-कामगारांची मागणी अस्सल होती. ज्या रविवारी आपण हे वाचत आहात, ती सुट्टी मुंबईच्या कामगारांना १८९० साली मिळाली ती त्यांच्या चळवळीने. सुट्टी दिल्याने देश मागे पडला, असे कोणी सांगू लागले तर मला ते पटत नाही.

पुढे चीनचा बाजार तर गेलाच, जपानी कापड मुंबईच्याच पेठेत उतरले. १९२७ मध्ये सरकारने रुपया अठरा पेन्सला बांधला. सर पुरुषोत्तमदास ठाकुरदास सोळा पेन्ससाठी भांडले, पण ते अल्पमतात. पुन्हा तीच हुंडणावळ! महाग रुपयाने परदेशी माल स्वस्त केला, मग मालकांनी काटकसर शोधली ती कामगारांत. विणकराने दोनऐवजी तीन साचे चालवावेत, असा हुकूम निघाला आणि १९२८ साली सुमारे दीड लाख कामगार सहा महिने संपावर गेले. तिकडे टोयोडांचा स्वयंचलित माग १९२४ मध्येच तयार झाला होता. तिथे एकेक मुलगी अनेक माग सांभाळी, कारण मागच तसा होता. इकडे जुन्याच मागांवर माणसाला ताणायचे होते.

१९३१ च्या डिसेंबरात जपानने सोने सोडले आणि वर्षभरात येन निम्म्याहून खाली आला. सरकारने परदेशी, म्हणजे ब्रिटिश नसलेल्या, कापडावरची जकात १९३२ मध्ये ५० आणि १९३३ मध्ये ७५ टक्क्यांवर नेली. जपानी गिरण्यांनी उलट डाव टाकला: हिंदी कापूस घ्यायचाच नाही. आता ओरड झाली ती मुंबईत नव्हे, कापूस पिकवणाऱ्या मुलखात. बहिष्काराचा फटका थेट शेतकऱ्याच्या भावाला.

सिमल्यात सुरू होऊन महिनोन्‌महिने वाटाघाटी झाल्या. जकात ५० टक्क्यांवर आली. जपानने वर्षाला १० लाख गाठी कापूस घेतला तर त्याला साडेबत्तीस कोटी वार कापड पाठवता येईल, १५ लाख गाठी घेतल्या तर ४० कोटी वार, त्याहून अधिक नाही, असे ठरले. १९३४ च्या जुलैत लंडनला त्यावर सह्या झाल्या. शेतकऱ्याचा कापूस खपावा म्हणून परळच्या कामगाराने किती परके कापड सोसायचे, ते त्या कागदावर वारांत लिहिलेले आहे.