मैदानात कॅमेरा नेणारे सावेदादा

पालघरच्या शार्दूल ठाकूरने ४ जानेवारी २०२२ रोजी जोहान्सबर्ग कसोटीत ६१ धावांत ७ बळी टिपले. त्यातील प्रत्येक चेंडू जगभर दिसला आणि चित्रबद्धही झाला. भारतात खेळाच्या चित्रणाचा आरंभ मात्र क्रिकेटने नव्हे, तर कुस्तीने झाला आणि त्याचे श्रेय एका मराठी छायाचित्रकाराकडे जाते.

हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा (१८६८-१९५८) यांचा मुंबईत छायाचित्रणाचा व्यवसाय होता. ७ जुलै १८९६ रोजी वॉटसन हॉटेलमध्ये ल्युमिएर बंधूंच्या हलत्या चित्रांचे प्रयोग सुरू झाले. या नव्या कलेने भारावलेल्या सावेदादांनी २१ गिनी मोजून लंडनहून कॅमेरा मागवला. १८९९ मध्ये त्यांनी हँगिंग गार्डन येथे पुंडलिकदादा आणि कृष्णा न्हावी या मल्लांची कुस्ती टिपली. फिल्म धुण्यासाठी इंग्लंडला पाठवावी लागली. केंब्रिजहून परतलेल्या रँग्लर र. पु. परांजपे यांच्या १९०१ मधील स्वागताचेही त्यांनी चित्रण केले. घटना घडेल तशी टिपण्याच्या या पद्धतीमुळे सावेदादा भारतीय वार्तापटाचे आद्य प्रवर्तक मानले जातात.

चित्रपटगृहातील क्रिकेट

स्वातंत्र्यानंतर हे काम सरकारी पातळीवर सुरू झाले. १९४८ मध्ये मुंबईत फिल्म्स डिव्हिजनची स्थापना झाली. तिचे वार्तापट मुख्य चित्रपटापूर्वी दाखवणे चित्रपटगृहांना बंधनकारक होते. मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले. तोपर्यंत सामन्याचे धावते वर्णन रेडिओवर ऐकायचे आणि खेळाडूंना प्रत्यक्ष खेळताना पाहायचे ते अशा वार्तापटांत, एवढेच सामान्य रसिकाच्या हाती होते. पाच दिवसांच्या कसोटीतील मोजकेच क्षण त्यात सामावत; साहजिकच काय ठेवायचे आणि काय वगळायचे, हे चित्रण व संकलन करणारेच ठरवत.

जे टिपले गेले नाही

कॅमेरा नसल्याने काय हरपते, याचे ठळक उदाहरण १८ जून १९८३ चे आहे. विश्वचषकात टनब्रिज वेल्स येथे झिम्बाब्वेविरुद्ध भारताचे ५ गडी १७ धावांत बाद झाले होते. कर्णधार कपिलदेवने नाबाद १७५ धावा फटकावून सामना खेचून आणला. त्या खेळीचे चित्रण उपलब्ध नाही. २०२१ मध्ये या विश्वविजयावर चित्रपट निघाला, तेव्हा ती खेळी अभिनेत्याकरवी नव्याने उभी करावी लागली.

चित्रण झाले तरी ते जपले जाईलच असे नाही. जुन्या चित्रफितींच्या जतनासाठी पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले ते १९६४ मध्ये, सावेदादांच्या निधनानंतर सहा वर्षांनी. त्यांनी टिपलेली कुस्ती आज पाहायला मिळत नाही. तिची आठवण केवळ लेखी नोंदींतून उरली आहे.