अडीचशे घटका

आमच्याकडे लग्नात घटिकापात्र मांडायचे. पाण्याने भरलेल्या मोठ्या भांड्यात तांब्याची वाटी सोडायची, तिच्या तळाला बारीक छिद्र. २४ मिनिटांत वाटी भरून बुडाली की एक घटका झाली. बुडालेली वाटी कुणीतरी उचलायची, रिकामी करायची, पुन्हा पाण्यावर ठेवायची. तो माणूस पेंगला तर मुहूर्तच चुकला.

या माणसाला मी मनाशी एक हुद्दा देऊन टाकला आहे : घटकेकरी. असा पेशा कुठल्याही दप्तरात सापडणार नाही, तो माझ्या कल्पनेतला. कामं दोनच. सरलेल्या घटकेची नोंद करायची आणि काळ घसरू लागला की वाटी रिकामी करून त्याला ठिकाणावर आणायचं. १९९१ च्या आखाती युद्धात सौदी अरेबियातल्या धहरानला असा माणूस हवा होता. त्याची वही मी लिहितो आहे. माणूस कल्पनेतला, आकडे खरे.

उरले १०० तास. २१ फेब्रुवारी, दिवस कलताना

धहरानच्या हवाई तळाचं रक्षण करणारी पॅट्रियट क्षेपणास्त्रांची ‘अल्फा’ तुकडी चालू आहे. तिचं घड्याळ सेकंदाच्या दहाव्या भागाने ठोके मोजतं. ठोके बरोबर आहेत. चूक होते ती त्यांचे सेकंद करताना. एक दशांश हा आकडा आपल्याला सोपा, पण संगणकाच्या शून्य-एकच्या लिपीत तो संपतच नाही. एकाला तीनने भागलं की तीनावर तीन येत राहतात, तसंच. यंत्राकडे जागा २४ बिटांची. उरलेलं शेपूट कापलं जातं. दर ठोक्यामागे सेकंदाचा जेमतेम कोटीवा भाग हरवतो.

इस्राएलने ११ तारखेलाच कळवलं होतं, की आठ तास सलग चालवल्यावर यंत्राची अचूकता ढळते. १६ तारखेला दुरुस्त सॉफ्टवेअर निघालं. ते अजून वाटेत आहे. आज सगळ्या तुकड्यांना संदेश आला : यंत्र फार वेळ चालू ठेवलं तर नेम सरकू शकतो. ‘फार वेळ’ म्हणजे किती, ते लिहिलेलं नाही.

उरले ९२ तास. मध्यरात्र उलटली

वीस घटका झाल्या. घड्याळ ०.०२७५ सेकंद चुकलं.

एवढ्याशा चुकीने काय होतं? रडारला क्षेपणास्त्र एकदा दिसलं, की ते पुढच्या क्षणी कुठे असेल याचं गणित यंत्र मांडतं आणि आकाशाच्या तेवढ्याच खिडकीत बघतं. इराकचं स्कड क्षेपणास्त्र येतं प्रचंड वेगाने. वेळ चुकली की खिडकीची जागा चुकली. आता ती ५५ मीटर सरकली आहे.

उपाय वाटी रिकामी करण्याइतका सोपा : यंत्र बंद करून पुन्हा चालू करायचं. घड्याळ शून्यावर येतं. मिनिट-दीड मिनिटाचं काम.

उरले ८० तास. २२ फेब्रुवारी, दुपार

पन्नास घटका. खिडकी १३७ मीटर सरकली. आता येणारं स्कड तिच्या बाहेरून जाईल. पहारेकऱ्याचे डोळे उघडे आहेत, नजर भलतीकडे.

हे यंत्र मुळात युरोपात सोव्हिएत विमानांशी लढायला घडवलेलं. जागा बदलत राहायचं, एका ठिकाणी काही तासच चालायचं. वाळवंटात ते दिवसचे दिवस जागं ठेवलं गेलं. इतका वेळ कुणी ते सलग चालवणार नाही, असं अधिकाऱ्यांनी गृहीत धरलं. मला राग येतो तो या गृहीत धरण्याचा. चूक माहीत होती, आठ तासांचा आकडा हाताशी होता. संदेशात तेवढा एक आकडा घालायचा होता.

उरले ५२ तास. २३ फेब्रुवारी

०.१६४८ सेकंद. ३३० मीटर.

उरले २८ तास. २४ फेब्रुवारी

पहाटे जमिनीवरची लढाई सुरू झाली. खिडकी ४९४ मीटर दूर. अशा दिवशी पहारा दीड मिनिट बंद ठेवायला कोण धजावेल? म्हणून तर यंत्र बंद करण्याचा अधिकार तुकडीबाहेरच्या माणसाकडे हवा, ज्याला वाटीखेरीज दुसरं काही बघायचं नाही.

२५ फेब्रुवारी, रात्री साडेआठनंतर

अडीचशे घटका भरल्या. घड्याळ ०.३४३३ सेकंद चुकलं आहे, म्हणजे पापणी लवते एवढं. खिडकी ६८७ मीटर सरकली आहे. इराकमधून स्कड येतं. यंत्र ठरल्या खिडकीत बघतं, तिथे काहीच नाही. एकही पॅट्रियट उडत नाही.

स्कड अमेरिकी सैनिकांच्या बराकीवर कोसळतं. २८ जण मरतात, शंभराच्या आसपास जखमी होतात. मृतांपैकी १३ जण पेनसिल्व्हेनियातल्या ग्रीन्सबर्गहून आलेल्या एकाच राखीव तुकडीचे. सहाच दिवसांपूर्वी ते धहरानला उतरले होते. पाणी शुद्ध करणं हे त्यांचं काम.

२६ फेब्रुवारी

दुरुस्त सॉफ्टवेअर धहरानला पोहोचलं.