पगार नावाचे क्रियापद

महिन्याची अखेर आली की हैदराबादच्या कुकटपल्ली भागात एकच प्रश्न तीन-चार भाषांत ऐकू येतो. हाउसिंग बोर्डाची ती प्रचंड वसाहत, जिला सगळे केपीएचबी म्हणतात, शेजारचे जवाहरलाल नेहरू तंत्रविज्ञान विद्यापीठ आणि जवळच असलेली हायटेक सिटी, यांमुळे इथे देशभरातून नोकरीसाठी आलेली तरुण मुले दाटीने राहतात. त्यांत आपल्या गोव्याची आणि महाराष्ट्राचीही पुष्कळ. एकाच फ्लॅटमध्ये राहणाऱ्यांपैकी तेलुगू मुलगा विचारतो, "जीतम् पडिंदा?" हैदराबादी दखनी बोलणारा विचारतो, "तनखा आई क्या?" आणि आपला मुलगा विचारतो, "पगार झाला का?"

तिघांचे पैसे एकाच दिवशी बँकेत पडतात. शब्द मात्र तीन वेगवेगळ्या वाटांनी आलेले आहेत.

तेलुगूतला 'जीतम्' संस्कृत 'जीवित' या शब्दापासून आला. ज्यावर जगायचे ते जीतम्. आपल्या 'उपजीविका' या शब्दाचा तो जवळचा नातेवाईक. 'तनख्वाह' फारसी. तन म्हणजे शरीर आणि ख्वाह म्हणजे इच्छा, गरज. शरीराला जे हवे ते. आपल्याकडे तो 'तनखा' होऊन आला आणि पुढे संस्थानिकांना चिकटला. १९७१ साली संस्थानिकांचे तनखे बंद झाले आणि मराठीत त्या शब्दाचे कामही जवळजवळ संपले. हे दोन्ही शब्द घेणाऱ्याच्या बाजूने बोलतात. माझे जगणे, माझी गरज.

'पगार' मात्र मुळात देणाऱ्याच्या तोंडचा शब्द आहे. शिवाय ते नाम नव्हेच, क्रियापद आहे. पोर्तुगीज आणि स्पॅनिश या दोन्ही भाषांत 'पगार' म्हणजे 'पैसे देणे', 'चुकते करणे'. दोन्हीकडे लेखन तेच आणि अर्थही तोच. आपण मराठीत "मला पगार मिळाला" म्हणतो तेव्हा त्या भाषांच्या हिशेबाने "मला देणे मिळाले" असे काहीसे म्हणत असतो!

या क्रियापदाचे मूळ लॅटिनमध्ये आहे. 'पाक्स' म्हणजे शांतता. त्यापासून 'पाकारे' म्हणजे शांत करणे, समाधान करणे. पैसे मागणारा दारात उभा आहे, त्याला त्याचे देऊन शांत करायचे, असा तो प्रवास. हे आपल्याला परके वाटायचे कारण नाही. मराठीत आपण भूक भागवतो, तहान भागवतो आणि देणेही भागवतो. एकच क्रियापद पोटालाही चालते आणि सावकारालाही. इंग्रजीतला 'पे' हा शब्दसुद्धा फ्रेंचमार्गे त्याच 'पाकारे'पासून निघालेला आहे. म्हणजे कचेरीतले 'पे कमिशन' आणि आपला 'पगार' हे एकाच घरातले दोन भाऊ, एक लंडनहून आला, दुसरा लिस्बनहून.

जुना 'शांत करणे' हा अर्थ या भाषांतून पुरता गेलेला नाही. स्वतःवरच खूश असलेल्या माणसाला स्पॅनिशमध्ये 'पगादो दे सी मिस्मो' म्हणतात. इथे पैशांचा काही संबंध नाही, समाधानाचा आहे. त्याच मुळापासून झालेले दुसरे क्रियापद 'अपगार', म्हणजे विझवणे, मालवणे. दिवा शांत करायचा. २८ एप्रिल २०२५ रोजी स्पेन आणि पोर्तुगाल या दोन्ही देशांतली वीज एकाच वेळी गेली, तेव्हा एका देशात 'अपागोन' आणि दुसऱ्यात 'अपागाव' झाला. आपल्या पगाराचीच ही चुलत भावंडे!

पोर्तुगीजमध्ये 'पगार' केवळ दुकानात वापरत नाहीत. देवाला बोललेला नवस पुरा करायचा तर 'पगार उमा प्रोमेसा'. आपणही कर्ज फेडतो, पांग फेडतो आणि नवसही फेडतो. कुणी उपकार केले तर म्हणायचे 'देऊश ल्य पागे', देव तुम्हाला याचे फळ देवो. दुसऱ्याच्या चुकीचा भुर्दंड सोसावा लागला तर 'पगार उ पातु', म्हणजे बदकाचे पैसे आपण भरणे. स्पॅनिशमध्येही हेच बदक आहे. आणि बिल भागले की त्यावर शिक्का बसतो, 'पागु'. म्हणजे चुकते झाले, आता कुणाचे कुणाकडे काही राहिले नाही.

हा शेवटचा अर्थ ध्यानात ठेवावा. पुढे त्याचे काम आहे.

आता प्रश्न असा की क्रियापदाचे नाम कसे झाले? पोर्तुगीज लोक आपल्या महिन्याच्या कमाईला 'पगार' म्हणत नाहीत. त्यांचे शब्द 'सालारियु', 'ओर्देनादु', 'वेंसिमेंतु'. शिपायाला मिळतो तो 'सोल्दु', त्यावरून 'सोल्दादु' म्हणजे सैनिक. मात्र क्रियापदाचे मूळ रूपच नाम म्हणून वापरायची सोय त्या भाषेत आहे. 'जांतार' म्हणजे रात्रीचे जेवण जेवणे, आणि 'जांतार' म्हणजे ते जेवणही. आपल्याकडच्या जुन्या पोर्तुगीज शिकलेल्या मंडळींना हे सांगायला नको.

शिवाय हा शब्द काही व्याकरणाच्या वर्गातून आलेला नाही. १५१० मध्ये आफोंसु द आल्बुकेर्क याने गोवा घेतल्यानंतर मांडवीकाठच्या गोदीत, कोठारांत, किल्ल्यांवर आणि गलबतांवर स्थानिक माणसे राबू लागली. सिमांव बोतेल्यु याने १५५४ साली पोर्तुगीज भारताच्या जमाखर्चाची जी नोंदवही तयार केली, तिच्यात नाईक आणि प्यादे अशा हाताखालच्या माणसांवरचा खर्चही येतो. अशा ठिकाणी मालक आणि मजूर यांच्यात जी मोडकीतोडकी भाषा चालते तिला विभक्ती-प्रत्यय लागत नाहीत. क्रियापदाचे एकच रूप सगळीकडे चालते. देणारा म्हणत असेल 'पगार', आणि घेणाऱ्याने त्या क्रियेचे नाव त्या नाण्यांनाच दिले असेल. मेस्त्री, घमेले, पिंप, बादली, चावी हे शब्द पाहा. सगळे पोर्तुगीज आणि सगळे कामाच्या जागेवरचे. अशा शब्दांचा आशियातल्या भाषांमधला मागोवा एका गोमंतकीयानेच घेतला. आसगावात १८५५ साली जन्मलेल्या मोन्सेन्योर सेबास्तियांव रोदोल्फु दालगादु यांचा यावरचा ग्रंथ १९१३ साली प्रसिद्ध झाला.

गोव्याच्या उत्तरेलाही हीच वाट होती. चौल, वसई, साष्टी, मुंबई हा सगळा पट्टा पोर्तुगीजांकडे होता. चिमाजी अप्पांनी वसई घेतली १७३९ साली, म्हणजे तोवर तिथे दोनशे वर्षांचा सहवास झाला होता. चौलजवळच्या कोर्लई गावात पोर्तुगीजपासून तयार झालेली एक बोली आजही बोलली जाते, आणि तिच्यावर मराठीचा गडद रंग आहे. मुंबई इंग्रजांच्या ताब्यात आली तरी बंदरातली बोली पोर्तुगीजच राहिली. ईस्ट इंडिया कंपनीच्या १६९८ च्या सनदेत तर भारतात येणाऱ्या पाद्र्यांनी वर्षभरात पोर्तुगीज शिकावी अशी अटच होती. मोल्सवर्थच्या मराठी-इंग्रजी कोशाच्या १८५७ च्या आवृत्तीत 'पगार' दिसतो, तोवर तो आपल्यात पुरता मुरला होता. गुजरातीने घेतला, उत्तर कर्नाटकातल्या कन्नडने घेतला, कोंकणीत तर तो घरचाच. गंमत म्हणजे कोंकणीत पैसे चुकते करण्याच्या क्रियेला 'फारीक करप' म्हणतात, आणि हा 'फारीक' अरबी. क्रिया अरबांकडून घेतली आणि पोर्तुगीजांच्या क्रियेचे नाम केले!

मग त्याआधी आपल्याकडे रोख मोबदल्याला शब्दच नव्हते काय? होते की. मराठी कागदपत्रांत दरमहा, मुशाहिरा, रोजमुरा, मोईन असे कितीतरी शब्द येतात. पण ते दरबारचे आणि फौजेचे. गावातला माणूस या शब्दांच्या बाहेर होता. देशावर सुतार, लोहार, कुंभार यांना बलुते मिळे, सुगीच्या दिवसांत धान्याच्या रूपाने. गोव्याच्या गावकारीत सेवेकऱ्यांना 'नमशी' म्हणून जमिनी लावून दिलेल्या असत आणि गावकारांना जोण मिळे. या व्यवस्थेत पोट भरत असे, पण हिशेब कधीच संपत नसे. बाप जे काम करी ते मुलाने करायचे, आणि देणाराही पिढ्यान्‌पिढ्या तोच. पगाराने हे नाते तोडले. इतके काम, इतके पैसे, आणि पैसे हातात पडले की दोघे मोकळे. 'पागु'चा शिक्का.

अर्थात शिक्का आपोआप बसत नाही. मुंबईची पहिली कापड गिरणी १८५४ साली स्थापन झाली. गिरण्यांच्या पहिल्या काही दशकांत पगार कधी हातात पडेल याचा भरवसा नसे. नारायण मेघाजी लोखंडे यांनी १८८४ साली सुमारे ५,५०० गिरणी कामगारांच्या सह्यांनी जे निवेदन तयार केले त्यात रविवारची सुट्टी, दुपारी अर्ध्या तासाची विश्रांती यांबरोबर आणखी एक साधी मागणी होती: मागच्या महिन्याचा पगार पुढच्या महिन्याच्या पंधरा तारखेच्या आत मिळावा. रविवारची सुट्टी १८९० साली मिळाली. तारखेला मात्र १९३६ चे साल उजाडावे लागले. त्या साली झालेल्या कायद्याने हजारांहून कमी कामगार असतील तिथे सात तारखेपर्यंत आणि मोठ्या कारखान्यांत दहा तारखेपर्यंत पगार देणे बंधनकारक केले. आज आपण सहज "पगाराची तारीख" म्हणतो, ती तारीख मिळवायला अर्धशतक लागले.

आता पुन्हा तेलंगणाकडे वळू. कारण 'जीतम्' या शब्दाची दुसरी बाजू तिथे गेल्याशिवाय कळत नाही. आज कुकटपल्लीत संगणक अभियंत्याच्या लाखभर रुपयांनाही जीतम् म्हणतात. पण वर्षाच्या करारावर जमीनदाराच्या शेतात राबणारा गडी, तो 'जीतगाडु'. घेतलेली उचल फिटेपर्यंत तो सुटायचा नाही आणि उचल सहसा फिटायची नाही. कन्नडमध्ये तर 'जीत' म्हणजे सरळ वेठबिगारीच. निजामाच्या राज्यात त्याच्या जोडीला 'वेट्टी' होती, म्हणजे फुकटची सक्तीची चाकरी. आपला 'वेठ' शब्दही तोच, संस्कृत 'विष्टि'पासून आलेला. १९४६ ते १९५१ या काळातल्या तेलंगणाच्या शेतकरी लढ्यात वेट्टी बंद करणे ही एक मुख्य मागणी होती. पुढे १९७६ साली संसदेने वेठबिगारी नष्ट करण्याचा कायदा केला. त्यात देशभरच्या वेठबिगारीच्या प्रकारांची नावे एकामागून एक दिली आहेत. त्या यादीत भागेला आहे, वेट्टी आहे आणि जीतही आहे.

एकच शब्द. एका भाषेत अभियंत्याची कमाई आणि कायद्याच्या पानावर गुलामी. फरक शब्दाच्या मुळात नाही. जगण्यापुरते देणे आणि हिशेब चुकता करणे यांतला तो फरक आहे.

आपण गोवेकरांनी तेलंगणाकडे बोट दाखवायचे कारण नाही. भाटकाराच्या जमिनीवर घर बांधून राहणारा मुंडकार आपल्या आजोबांच्या पिढीने पाहिलेला आहे. नारळ पाडायचे असोत, राखण असो, भाटकाराच्या घरचे कार्य असो, मुंडकाराला हाक जायची. त्याबद्दल मिळायचे ते राहायला जागा आणि सणावारी काहीबाही. पगार नव्हे. म्हणून "निघ इथून" एवढ्या दोन शब्दांत सगळे जात असे. १९७५ च्या मुंडकार कायद्याने त्याला संरक्षण दिले. त्या कायद्याने मुंडकाराची व्याख्या करताना पगार घेऊन आवारात राहणारा घरगडी किंवा राखणदार वेगळा काढला, हे लक्षात घेण्यासारखे आहे. पगाराने दोन माणसांमधले नाते कायद्याच्या नजरेतसुद्धा बदलते.

आणि म्हणूनच पगार या शब्दाऐवजी दुसरा शब्द योजला जातो तेव्हा कान टवकारावेत. ऊसतोड कामगाराला मुकादमाकडून मिळते ती 'उचल'. अंगणवाडी सेविकेला मिळते ते 'मानधन'. शब्द किती गोड! १९७५ साली सुरू झालेल्या योजनेत मुलांचा आहार, लसीकरणाच्या नोंदी, वजने, सर्वेक्षणे असे वाढत गेलेले काम या बायका करतात, आणि त्यांच्या मोर्च्यांतली मागणी वर्षानुवर्षे हीच आहे की आम्हाला मान नको, वेतन द्या. एप्रिल २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने अंगणवाडी सेविका व मदतनीस ग्रॅच्युइटीला पात्र असल्याचा निकाल दिला. मानधन म्हणजे देणाऱ्याची कृपा, पगार म्हणजे घेणाऱ्याचा हक्क, हा भेद कोशात शोधावा लागत नाही. ज्याला पगार मिळत नाही त्याला तो बरोबर ठाऊक असतो.

पोर्तुगीज साडेचारशे वर्षे राहून गेले. त्यांनी काय दिले, काय नेले याचे वाद आपल्याकडे अजून मिटलेले नाहीत आणि मिटणारही नाहीत. पण हे क्रियापद त्यांनी दिले म्हणण्यापेक्षा गोदीत आणि गिरणीत राबणाऱ्यांनी ते मालकाच्या तोंडून उचलले आणि आपल्या बाजूला फिरवून घेतले, असे म्हणणे अधिक खरे. मालकाचे ते 'देणे' होते. मजुराने त्याचे 'येणे' केले.