मिरगाची कुळकथा

पेठ वडगावच्या बाजारपेठेत बियाणे न्यायला आलेला शेतकरी पावसाला महिन्याचे नाव देत नाही. रोहिणीत वळीव झाला, मिरीग कोरडा गेला, तरण्याने झोडपले, म्हाताऱ्याने वाफसा येऊ दिला नाही, अशी त्याची बोली. या नावांमागे सूर्याचा प्रवास आहे. आकाशातल्या सूर्याच्या वार्षिक मार्गाचे २७ समान भाग केले की प्रत्येक भाग १३ अंश २० कलांचा होतो आणि तो ओलांडायला सूर्याला १३ ते १४ दिवस लागतात. सूर्य रोहिणीत जातो तो २५ मेच्या सुमारास, मृगात ७ किंवा ८ जूनला, आर्द्रात २१-२२ जूनला. पुढचा पुनर्वसू म्हणजे तरणा पाऊस, पुष्य म्हणजे म्हातारा. सप्टेंबरच्या अखेरीस हस्त लागतो, तेव्हा पाटावर हत्ती काढून मुली हादगा खेळतात.

वारणा आणि पंचगंगेच्या मधल्या या पट्ट्यात रोहिणी आणि मृग यांतला फरक डोळ्यांना दिसतो. वळीव येतो तो बहुधा दुपार कलल्यावर, वावटळ, विजा आणि गारा घेऊन. तासाभरात सगळे आटोपते. मिरगाचा पाऊस पश्चिमेच्या वाऱ्यावर येतो आणि मुक्काम करतो. पश्चिमेला गगनबावड्यात वर्षाला पाच हजार मिलिमीटरच्या वर पाऊस पडतो, तर पूर्वेच्या शिरोळात तो एक हजाराच्या बराच खाली राहतो. वडगाव या दोहोंच्या मध्ये. त्यामुळे भाताची धूळवाफ पेरणी रोहिणीत करणारा पश्चिमेकडचा शेतकरी आणि भुईमूग, सोयाबीनसाठी मिरगाची ओल पाहणारा वडगावचा शेतकरी एकच पंचांग वेगवेगळे वाचतात.

सूर्यनक्षत्रावरून पाऊस ओळखण्याची ही पद्धत फार जुनी समजली जाते. पावसाचे गणित जुने आहे, यात शंका नाही. कौटिल्याच्या अर्थशास्त्रात अश्मक देशाचा पाऊस साडेतेरा द्रोण, अवंतीचा २३ द्रोण आणि अपरान्ताचा, म्हणजे कोकणाचा, अमर्याद सांगितला आहे. सहाव्या शतकातल्या वराहमिहिराने बृहत्संहितेत पाऊस मोजायचे भांडे दिले आहे, शिवाय ढगाला गर्भ राहिल्यापासून १९५ दिवसांनी तो प्रसवतो असा हिशेबही मांडला आहे. पण त्याच्या या आडाख्यात नक्षत्र धरले आहे ते चंद्राचे. चंद्र तर महिन्याभरात सगळी नक्षत्रे फिरून येतो. ऋतूशी बांधलेला असतो सूर्य, म्हणून पेरणीच्या कामाला सूर्यनक्षत्रच उपयोगी पडते. शेतकऱ्याने उचलली ती ही दुसरी वाट, आणि ती पोथीपेक्षा शहाणपणाची होती.

या व्यवस्थेतही एक गुप्त सरक आहे. पृथ्वीचा अक्ष भोवऱ्यासारखा डुलतो, त्यामुळे ऋतू आणि तारे यांची जोडी सुमारे ७२ वर्षांत एका दिवसाने सुटते. वेदांग ज्योतिषात दक्षिणायन आश्लेषाच्या मध्यावर सुरू होते. वराहमिहिराने हे वाचले, आपल्या काळी ते कर्कारंभी होते हे पाहिले, आणि पूर्वी तसे असले पाहिजे अशी नोंद केली. आज दक्षिणायन लागते तेव्हा सूर्य आर्द्राच्या उंबरठ्यावर असतो. याचा अर्थ, वेदांगकाळी मृगप्रवेश आजच्या कॅलेंडरने एप्रिलच्या उत्तरार्धात पडे आणि वराहमिहिराच्या वेळी मेच्या मध्यावर. मोसमी वाऱ्यांचा क्रम आजच्यासारखाच होता असे धरले, तर त्या दिवसांत मृग हे वळवाचे नक्षत्र ठरेल, पेरणीचे नव्हे. ‘मिरगाला पेरा’ हा आडाखा वेदकाळातून चालत आलेला नाही. तारे सरकले तशी लोकांनी पावसाची नावे मुकाट्याने आधीच्या नक्षत्राला लावली असणार. एका आयुष्यात एका दिवसाचा फरक कोणाच्या ध्यानात येणार?

पंचांगातली वाहने हा याच घराण्याचा खेळकर धागा. सूर्य नव्या नक्षत्रात शिरतो त्या क्षणी सूर्यनक्षत्रापासून चंद्रनक्षत्रापर्यंत मोजायचे आणि नऊने भागायचे. बाकी १ उरली तर घोडा, २ कोल्हा, ३ बेडूक, ४ मेंढा, ५ मोर, ६ उंदीर, ७ म्हैस, ८ गाढव, शून्य तर हत्ती. बेडूक, म्हैस, हत्ती आले की पाऊस भरपूर, कोल्हा आणि मेंढा आले की बेताचा. या भागाकाराचा ढगांशी काही संबंध नाही. तरीही जूनच्या तोंडावर वाहन कोणते, हे विचारल्याशिवाय गावातल्या गप्पा पुढे सरकत नाहीत.

ऋतू आणि तारे यांच्यातली ही सरक दुरुस्त करायची का, यावर महाराष्ट्रात विद्वानांचा मोठा वाद झाला. ‘भारतीय ज्योतिषशास्त्र’कार शंकर बाळकृष्ण दीक्षित सायन मताचे, म्हणजे पंचांग ऋतूंना बांधावे या मताचे होते. टिळक पंचांगाने तारे सोडले नाहीत, मात्र आरंभबिंदू निराळा धरला. अयनांशात, म्हणजे ऋतूंचा आणि ताऱ्यांचा आरंभबिंदू यांच्यातल्या अंतरात, सुमारे चार अंशांचा फरक असल्याने त्यात मृग चारेक दिवस आधी निघतो. मेघनाद साहा यांच्या अध्यक्षतेखाली १९५२ साली नेमलेल्या समितीच्या शिफारशीवरून २२ मार्च १९५७ पासून राष्ट्रीय दिनदर्शिका आली. तिचे महिने ऋतूंना बांधलेले आहेत. नक्षत्रे मात्र समितीने ताऱ्यांकडेच ठेवली. पावसाची नक्षत्रे त्यामुळे सरकतच राहिली.

हवामान खात्याच्या तक्त्यात मोसमी पावसाची सरासरी तारीख केरळासाठी १ जून आणि मुंबईसाठी ११ जून आहे; मिरगाची ७ तारीख या दोहोंच्या मध्ये बसते, म्हणून आडाखा अजून टिकला आहे. २०२५ साली पाऊस २४ मेला केरळात आणि २६ मेला मुंबईत पोहोचला, तेव्हा मृग निघायला जवळपास दोन आठवडे होते. अशी वर्षे वेगळी; पण ताऱ्यांची सरक ठरलेली आहे. तिच्या हिशेबाने आणखी हजार वर्षांनी मृग २१-२२ जूनला निघेल, आणि पेरणीची ओल रोहिणीच्या नावावर जमा होईल.