शिपायांचें साप्ताहिक : ‘यँक’

सरकारनें सैनिकांसाठीं काढलेलें नियतकालिक म्हटलें कीं त्यांत काय असावयाचें ह्याचा अंदाज कोणालाहि करतां येतो. सेनापतींचे संदेश, विजयाच्या वार्ता, पराक्रमाचीं चित्रें आणि शिस्तीवरील उपदेश ही त्याची ठराविक सामग्री. ज्या साध्या शिपायाच्या हातीं तें पडावयाचें, त्यास त्यांत बोलावयास जागा बहुधा नसते. दुसऱ्या महायुद्धांत अमेरिकन सैन्यानें चालविलेल्या ‘यँक’ ह्या साप्ताहिकाचा इतिहास म्हणूनच लक्षांत ठेवण्याजोगा आहे.

हा प्रयोग अमेरिकेस अगदींच नवा नव्हता. पहिल्या महायुद्धाच्या अखेरीस, ८ फेब्रुवारी १९१८ पासून, फ्रान्समधील अमेरिकन फौजेसाठीं ‘स्टार्स अँड स्ट्राइप्स’ हें पत्र पॅरिसहून निघत असे. १३ जून १९१९ रोजीं तें बंद पडलें. त्या पत्रांत उमेदवारी केलेले एगबर्ट व्हाइट दुसऱ्या महायुद्धांत पुन्हां सैन्यांत आले, आणि शिपायांनींच शिपायांसाठीं चालविलेलें एक साप्ताहिक असावें ही कल्पना त्यांनीं पुढें मांडली. ती मान्य होऊन १७ जून १९४२ ह्या तारखेचा ‘यँक’चा पहिला अंक न्यूयॉर्कहून बाहेर पडला. त्याची किंमत ५ सेंट होती.

ह्या साप्ताहिकाचा मुख्य नियम असा कीं, लेखक, चित्रकार व छायाचित्रकार हे सर्व अधिकारपदाखालील शिपाईच असावयाचे. व्यवस्थेवर आणि लष्करी गुप्ततेवर अधिकाऱ्यांची देखरेख असे. पण लेखणी शिपायाच्या हातीं राही. संपादनाची धुरा जो मॅकार्थी नांवाच्या सार्जंटानें वाहिली. जॉर्ज बेकर ह्या शिपाई-चित्रकारानें काढलेला ‘सॅड सॅक’ हा गबाळा, दुर्दैवी सैनिक एक शब्दहि न बोलतां वाचकांचा लाडका झाला. खड्डे खणणारा, भांडीं घासणारा, वरिष्ठांची बोलणीं खाणारा तो जीव पाहून प्रत्येकास आपलेंच प्रतिबिंब दिसे. युद्ध जसजसें पसरलें तसतशा निरनिराळ्या रणक्षेत्रांसाठीं आवृत्त्या निघूं लागल्या. हिंदुस्थान, ब्रह्मदेश व चीन येथील अमेरिकन फौजेसाठींहि एक स्वतंत्र आवृत्ति होती. एकंदर खप २५ लाखांच्या वर गेला.

परंतु ह्या साप्ताहिकाचा खरा प्राण म्हणजे त्यांतील पत्रव्यवहाराचें सदर. निकृष्ट जेवण, रजेचा घोळ, अधिकाऱ्यांचा तोरा, सर्व गाऱ्हाणीं तेथें छापलीं जात. २८ एप्रिल १९४४ च्या अंकांत ह्याच सदरांत कार्पोरल रूपर्ट ट्रिमिंगहॅम ह्या कृष्णवर्णी सैनिकाचें पत्र आलें. तो आणि त्याचे आठ कृष्णवर्णी सहकारी लुइझियानांतील छावणींतून ॲरिझोनाकडे निघाले होते. वाटेंत एका गांवीं त्यांना दुसऱ्या दिवसापर्यंत गाडीची वाट पाहावी लागली. दक्षिणेकडील त्या संस्थानांत वर्णभेदाचा कायदा कडक. कोणत्याहि उपाहारगृहांत त्यांना कॉफीचा पेला मिळेना. शेवटीं स्टेशनांतील भोजनगृहांत सोय झाली, पण स्वयंपाकघरांत जाऊन खाण्याच्या अटीवर! इतक्यांत दोन अमेरिकन पहारेकऱ्यांसह सुमारें दोन डझन जर्मन युद्धकैदी तेथें आले. ते सरळ आंत गेले, मेजांशीं बसले. त्यांना जेवण वाढण्यांत आलें. धूम्रपान आणि हास्यविनोद चालू होता. ट्रिमिंगहॅम बाहेर उभा राहून तें पाहत होता. शत्रूच्या शिपायास पंक्तीचा मान, आणि ज्या देशासाठीं मरण्याची शपथ वाहिली त्याच देशांत स्वतःच्या शिपायास मागील दार, हें कसें, असा त्याचा प्रश्न होता.

सैन्याच्या खर्चानें चालणाऱ्या साप्ताहिकानें, युद्ध ऐन भरांत असतां, हें पत्र छापलें. त्या काळीं खुद्द अमेरिकन सैन्यांतहि कृष्णवर्णीयांचीं पथकें वेगळीं असत. म्हणजे हा आरोप छापणाऱ्याच्या धन्यावरहि येऊन पडत होता. परिणाम मात्र अनेकांच्या अपेक्षेबाहेरचा झाला. २८ जुलै १९४४ च्या अंकांत ट्रिमिंगहॅमचें दुसरें पत्र प्रसिद्ध झालें. त्याला २८७ पत्रें आलीं होतीं, आणि त्यांपैकीं १८३ सैन्यांतील गौरवर्णी स्त्रीपुरुषांचीं होतीं. बहुतेक लेखक दक्षिणेकडीलच असून आपल्या बांधवांच्या वर्तनाची त्यांना लाज वाटत होती.

एका पत्रानें पंक्तिभेद मोडला नाहीं. २८ डिसेंबर १९४५ च्या अंकानंतर ‘यँक’ बंद झालें, तेव्हांहि पथकें वेगळींच होतीं. सैन्यांतील भेद नाहींसा करण्याचा हुकूम अध्यक्ष ट्रुमन ह्यांनीं २६ जुलै १९४८ रोजीं काढला, आणि त्याच्या अंमलबजावणीस आणखी कांहीं वर्षें लागलीं. परंतु ज्यांना एकमेकांशेजारीं बसून जेवण्याची मोकळीक नव्हती, ते शिपाई ‘यँक’च्या त्या एका पानावर शेजारीं शेजारीं आले, आणि परस्परांचें म्हणणें त्यांनीं ऐकून घेतलें. हुकूमनामे व विजयवार्ता छापणारीं पत्रें त्या युद्धांत पुष्कळ निघालीं. शिपायाचें नांव खऱ्या अर्थानें शोभावें असें हें एक होतें.