निमित्त की कारण?

आपल्याकडे घरातले वडीलधारे माणूस गेले, की समाचाराला आलेल्यांना घरची मंडळी सांगतात, "न्हाणीघरात पाय घसरला, तेवढेच निमित्त झाले." खुब्याचे हाड मोडते, माणूस अंथरुणाला खिळते, छातीत कफ दाटतो, न्यूमोनिया होतो आणि महिन्या-दीड महिन्यात सारे आटोपते. मग मृत्यूचे कारण कोणते म्हणावे? न्यूमोनिया, मोडलेले हाड, की घसरलेला पाय? प्रश्न वरवर पाहता शब्दच्छलाचा वाटेल. पण त्याचे पक्के उत्तर ठरावयास जवळजवळ तीनशे वर्षे लागली.

सतराव्या शतकात लंडन शहरात दर आठवड्यास मृतांची छापील यादी निघत असे. प्रेत पाहून मृत्यूचे कारण सांगण्याचे काम बहुधा गरीब, वयस्क स्त्रियांकडे असे. जॉन ग्राँट नावाच्या एका व्यापाऱ्याने १६६२ साली या याद्यांचा अभ्यास प्रसिद्ध केला आणि मृत्यूच्या आकड्यांतूनही शहाणपण मिळते हे दाखवून दिले. पुढे तीनच वर्षांनी प्लेग आला. १५ ते २२ ऑगस्ट १६६५ या आठवड्याच्या यादीत प्लेगचे बळी आहेत ३,८८०. आणि त्याच कागदावर एक ओळ अशी आहे, की सेंट टॉमस अपॉसल येथे जिन्यावरून पडून मृत्यू, एक. शहरावर एवढे संकट कोसळले असतानाही त्या एका जिवाचा जिना आणि ठिकाण कोणीतरी लिहून ठेवले.

एकोणिसाव्या शतकात देशोदेशीच्या याद्या एकमेकींशी जुळेनात. तेव्हा १८५३ साली ब्रुसेल्सच्या सांख्यिकी परिषदेने इंग्लंडचे विल्यम फार आणि जिनिव्हाचे मार्क देस्पीन यांजकडे समान यादीचे काम सोपविले. फार यांनी रोगांच्या वर्गांबरोबर आघाताने होणाऱ्या मृत्यूंचाही वेगळा वर्ग मानला. पुढे फ्रान्सचे झाक बर्तियाँ यांची यादी १८९३ साली शिकागो येथे मान्य झाली आणि १९०० पासून साधारणपणे दर दहा वर्षांनी तिची सुधारणा होऊ लागली.

आपल्या प्रश्नाचा निकाल लागला तो १९४८ च्या सहाव्या सुधारणेत. जागतिक आरोग्य संघटनेच्या देखरेखीखाली झालेल्या या सुधारणेने दुखापतीला दोन नावे दिली. शरीराला काय झाले, हे एक. आणि ते कशामुळे झाले, हे दुसरे. शिवाय असेही ठरले, की अनर्थाची मालिका जेथून सुरू झाली, ते मूळ कारण मानावे. म्हणजे ज्याला आपण निमित्त म्हणून बाजूला सारतो, त्यालाच या यादीने कारणाच्या आसनावर बसविले!

१९९० साली संमत झालेल्या दहाव्या सुधारणेत अपघाताने पडण्याला डब्ल्यू ०० ते डब्ल्यू १९ असे वीस संकेत आहेत. पलंगावरून पडणे ०६, जिन्यावरून १०, शिडीवरून ११, इमारतीच्या परांचीवरून १२, झाडावरून १४. खुब्याशी मोडलेल्या हाडाचा संकेत निराळा. कोणी ढकलले असेल वा स्वतः उडी घेतली असेल, तर त्याचे वर्ग निराळे. १ जानेवारी २०२२ पासून अमलात आलेली अकरावी सुधारणा तर पडण्याची उंची एक मीटरच्या आत की त्याहून अधिक, हेही विचारते.

एवढा खटाटोप कशासाठी, असे कोणी म्हणेल. न्यूयॉर्कचे उदाहरण पाहा. तेथील आरोग्य खात्याने मुलांच्या अपघाती मृत्यूंच्या नोंदी चाळल्या, तेव्हा उंच इमारतींच्या खिडक्यांतून पडलेल्या मुलांची संख्या डोळ्यांत भरली. मग घरोघर समजूत घालण्यात आली, खिडक्यांना बसवावयाचे गज फुकट वाटण्यात आले. १९७३ ते १९७५ या काळात ब्रॉन्क्स भागात असे पडण्याचे प्रमाण निम्म्याने उतरले आणि १९७६ साली, लहान मुले राहतात त्या घरांना गज बसविणे कायद्याने बंधनकारक झाले. नोंदीत नुसते "डोक्याला मार लागून मृत्यू" एवढेच असते, तर खिडकी कोणाला दिसली असती?

जागतिक आरोग्य संघटनेच्या अंदाजाप्रमाणे जगात दरवर्षी सुमारे ६,८४,००० माणसे पडून मरतात. अनवधानाने होणाऱ्या अपघातांत याहून अधिक बळी रस्तेच घेतात. आपल्याकडे १९६९ च्या जन्म-मृत्यू नोंदणी कायद्यात डॉक्टरी कारण-प्रमाणपत्राची तरतूद आहे; तथापि २०२० साली नोंदलेल्या मृत्यूंपैकी शेकडा तेविसांनाही ते मिळाले नव्हते.

त्या वीस संकेतांतला शेवटचा, एकोणिसावा, आहे "पडणे, तपशील नाही" असा. तो डॉक्टरांच्या घाईमुळे लिहिला जातो, तसाच आपल्या मौनामुळेही. म्हणून "कोठे पडले, कसे पडले?" असे डॉक्टरांनी विचारले, तर "आता त्याचे काय!" असे म्हणू नये. गेलेल्याला त्याचा उपयोग नाही हे खरे. पण त्या उत्तरातूनच उद्या कोणाच्या तरी जिन्याला कठडा लागावयाचा असतो.